नावं सांगून ठेवा

चोरखमाऱ्याच्या आणि आजूबाजूच्या गावांतल्या बाया-बाप्यांनो, आणि इथून उठून नागपूर, पुणे, हैदराबादला पोट भरायला गेलेल्या पोरापोरींनो, ही विनंती तुम्हाला आहे.

तुमच्यापैकी पुष्कळांच्या मनात एक दुखणं आहे आणि त्याबद्दल तुम्ही कुणाशी बोलत नाही. ते बोलण्यासारखं वाटतच नाही. घरातलं माणूस गेलं तर लोक भेटायला येतात, तेरवी होते, रडायला जागा असते. पण पांदणीच्या तोंडावरचा मोह तोडला गेला, ज्या बोडीत पोहायला शिकलो ती बेशरमाच्या झुडपांनी भरून गेली, जिथं दिवसभर गुरं घेऊन हिंडायचो तिथं फाटक बसलं, तर कुणाजवळ रडायचं? "झाडच तर होतं," असं लोक म्हणतात. "रस्ता रुंद नको का व्हायला?" रस्ता हवाच. तरी संध्याकाळी त्या वळणावर आलं की पाय अडखळतो, आणि घरी आल्यावर घास उतरत नाही.

हे मनाचे खेळ नाहीत. ऑस्ट्रेलियात ग्लेन अल्ब्रेक्ट नावाचे तत्त्वज्ञ आहेत. तिथल्या हंटर खोऱ्यात उघड्या कोळसा खाणींनी डोंगर-शेतं उलथीपालथी केली, तेव्हा तिथले लोक त्यांना सांगू लागले की आम्ही घर सोडलेलं नाही, तरी घराची आठवण येते. २००३ साली अल्ब्रेक्ट यांनी या दुःखाला 'सोलॅस्टॅल्जिया' असं नाव दिलं. परदेशी गेलेल्याला गावाची ओढ लागते ती वेगळी. इथं माणूस जागेवरच असतो आणि जागा त्याच्या पायाखालून बदलत जाते. आपल्याकडं म्हातारी माणसं एवढंच म्हणतात, "आता इथं करमत नाही." त्यांना कुठं जायचं नसतं. जिथं करमायचं ती जागाच उरलेली नसते.

आपल्या भागात हे किती वेळा घडून गेलं ते बघा. १९५१ मध्ये मालगुजारी संपली आणि गावच्या तलावांची मालकी सरकारकडे गेली. तेव्हापासून लोक त्यांना 'मामा तलाव', म्हणजे माजी मालगुजारी तलाव, म्हणतात. १९७० मध्ये नागझिरा अभयारण्य झालं. १९९९ च्या महाराष्ट्रदिनी भंडारा जिल्ह्याचे दोन तुकडे झाले आणि आपण गोंदियाचे झालो. घरातली वडीलमंडळी अजूनही बोलताना 'आमचा भंडारा' म्हणून जातात. तिरोड्याजवळ ३,३०० मेगावॅटचं औष्णिक वीज केंद्र उभं राहिलं. डिसेंबर २०१३ मध्ये नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्प जाहीर झाला. मे २०२३ मध्ये ब्रह्मपुरीच्या जंगलातून दोन वाघिणी आणून इथं सोडल्या. यातल्या कुठल्याही गोष्टीला सरसकट वाईट म्हणायला मी बसलेलो नाही. नागझिरा राखलं गेलं नसतं तर त्याचं काय झालं असतं याची मला पूर्ण कल्पना आहे. पण एकाच माणसाच्या आयुष्यात इतके बदल होतात तेव्हा त्या माणसाच्या मनाचं काय होतं, हे कुणी कुठल्या कागदावर लिहीत नाही.

आता यात मोबाईल आला. फोनने या दुखण्याला दोन्हीकडून धार लावली आहे.

तुम्ही पुण्यात कंपनीच्या खोलीवर रात्री पडला आहात. नकाशाच्या ॲपवर बोट फिरवत फिरवत गावावर येता. वरून काढलेल्या छायाचित्रात तलाव दिसतो, घरांची छपरं दिसतात, आपलं घर ओळखता येतं. मग नजर त्या कोपऱ्यावर जाते. तिथं झाड होतं. आता नाही. कधी गेलं, कुणी पाडलं, घरच्यांनी सांगितलं का नाही? काचेवर पुसल्यासारखी मोकळी जागा तेवढी दिसते. रात्री दोन वाजता, एकट्याने. एखाद्याचं मरण असं कळलं असतं तर आपण त्याला क्रूरपणा म्हटलं असतं.

आणि गावात राहणाऱ्याचं? त्याच्या हातात त्याच्याच जंगलाचे व्हिडिओ येतात, पण ते काढलेले असतात दुसऱ्याने. जिप्सीत बसलेला, कॅमेरा लावलेला, गाणं जोडलेला माणूस आपल्या डोहाला 'हिडन स्पॉट' म्हणतो. त्याला त्या डोहाचं नाव माहीत नाही. पाहणाऱ्या हजारोंनाही नाही. २०२४ च्या शेवटच्या दिवशी उमरेड-पवनी-कऱ्हांडला अभयारण्यात वाघीण आणि तिच्या बछड्यांना पर्यटकांच्या गाड्यांनी दोन्हीकडून अडवून धरलं. व्हिडिओ सगळीकडे फिरला आणि उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाला स्वतःहून दखल घ्यावी लागली. जंगल पडद्यावर इतकं दिसतं की ते प्रत्यक्षात कसं आहे हे पाहायची गरजच कुणाला वाटेनाशी होते. आणि ज्याने ते जंगल पायाने तुडवलं, त्याचं त्यातलं असणं पुसलं जातं.

आता नकाशाकडे जरा नीट बघा. चोरखमारा शोधलं की काय येतं? प्रवेशद्वार. नागझिऱ्यात शिरायचं एक दार, जसं पिटेझरी, मंगेझरी, उमरझरी. कुठून बुकिंग करायचं, गाडी कुठं मिळेल, कुठं राहायचं. बाहेरच्याला एवढंच हवं असतं, त्याची त्यात चूक नाही. पण ही नावं सावकाश उच्चारून पाहा. पिटेझरी, मंगेझरी, उमरझरी. प्रत्येकात झरी आहे. नागझिऱ्यातही झिरा आहे. ज्यांनी ही नावं ठेवली त्यांनी पुढच्या माणसाला पाण्याचा पत्ता सांगून ठेवला. रानात चुकलेल्या, तहानलेल्या माणसाला ते नावच वाट दाखवत होतं. गावांची ही नावं सरकारी कागदावर चढली म्हणून टिकली. त्यांच्या पोटात जी शेकडो लहान नावं आहेत, एकेका बांधीची, नाल्याच्या वळणाची, खडकाची, उताराची, आखराची, ती कुठल्याच नकाशात नाहीत. ती पंचाहत्तरी ओलांडलेल्या काही माणसांच्या तोंडात आहेत. त्यांतलं एक माणूस गेलं की एक अख्खं शिवार मुकं होतं.

म्हणून मला तुमच्याकडे एकच गोष्ट मागायची आहे. ती नावं विचारून घ्या, आणि सांगून ठेवा.

हे काम मनाच्या दुखण्यावरचं औषध कसं, असं विचाराल. सांगतो. दुःख मुकं असतं तोवर ते आत कुजत राहतं. "गाव बदललं" असं म्हणून काहीच हाती लागत नाही. "अमक्या आंब्याखाली रोवणीच्या बाया शिदोरी सोडायच्या, तो आंबा गेला" असं म्हटलं की निदान काय गेलं हे कळतं. आणि ऐकणाऱ्याला त्यात आपलंही काही सापडतं. आपल्या आज्या-पणज्यांना हे ठाऊक होतं. लग्न झालेल्या प्रत्येक मुलीचं ओळखीचं शिवार एका दिवसात सुटायचं. जात्यावर बसून त्यांनी माहेरची वाट, विहीर, पाणोठा, दारातलं झाड यांची नावं घेतली आणि ते ओझं हलकं केलं. हेमा राईरकर आणि गी प्वातव्हाँ यांनी खेडोपाडी हिंडून अशा एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. आज त्या इंटरनेटवर ऐकता येतात. त्या बायांपैकी कित्येक आज हयात नाहीत, पण आवाज आहे. ज्या यंत्राने आपल्याला रात्री दोन वाजता झाड नसल्याचं सांगितलं, तेच यंत्र हेही करू शकतं. ते कशासाठी हातात धरायचं हे आपल्यावर आहे.

आपल्या भागात हे काम कागदावर करून दाखवलेला माणूस तुम्हाला माहीत आहे. मारुती चितमपल्ली वनखात्याच्या नोकरीत नवेगावबांधला राहिले. गोंड, ढीवर, गुराखी यांच्याजवळ बसून त्यांनी पक्ष्यांची, झाडांची, माशांची नावं विचारली आणि मराठीत आणली. बगळ्यांच्या वसाहतीला 'सारंगागार' हा शब्द मराठी वाचकाला त्यांच्यामुळे मिळाला. २०२५ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली आणि त्याच वर्षी १८ जूनला ते गेले. त्यांनी जे विचारलं ते विचारण्यासाठी मोठा लेखक असावं लागत नाही. शेजारी बसण्याइतका वेळ मात्र लागतो, आणि तो आपल्याकडे आहे. आपण तो रील बघण्यात घालवतो.

तर असं करा. घरातल्या किंवा वाड्यातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला घेऊन एका सकाळी बाहेर पडा. चालवत नसेल तर गाडीवर मागे बसवा. अंगणात बसून विचारलंत तर म्हातारा चार नावं सांगेल आणि बिडी पेटवेल. जागेवर नेलंत तर चाळीस सांगेल, कारण नावं डोक्यापेक्षा पायात जास्त असतात. प्रत्येक जागी थांबा, फोनमधलं रेकॉर्डिंग सुरू करा आणि विचारा: हिला काय म्हणता? असं का म्हणता? इथं कोण यायचं? कोणत्या महिन्यात? आता काय दिसत नाही? बोलणाऱ्याला मध्ये थांबवू नका आणि त्याची बोली सुधारू नका. झाडीबोलीत सांगितलेलं झाडीबोलीतच राहू द्या. घरात गोंडी येणारं कुणी असेल तर त्याचं गोंडीतलं नाव आधी घ्या. बहुतेक ठिकाणी तेच जुनं निघेल. तलावाचं विचाराल तेव्हा ढीवर घरांकडे जा. पाणी कुठं खोल, मरळ कुठं बसते, शिंगाडा कुठं लावायचे, देवधान कुठल्या काठाला पिकायचं, हे त्यांना माहीत आहे. आणि बायांना विसरू नका. मोहफुलं वेचायच्या, तेंदूपानं तोडायच्या, सरपणाच्या वाटा त्यांच्या आहेत. पुरुषांनी सांगितलेल्या नकाशात त्या वाटा नसतात.

रडू आलं तर येऊ द्या. बोलता बोलता म्हातारं माणूस गप्प झालं तर घाईने विषय बदलू नका. तेवढं थांबणं हेच त्याच्या दुःखाला भेटायला जाणं आहे.

जे बाहेरगावी आहेत त्यांना माझं सांगणं थोडं वेगळं आहे. रात्री एकट्याने जुने फोटो आणि वरून काढलेलं गाव बघणं बंद करा. त्याने झोप जाते आणि काही मिळत नाही. दिवसा बघा, आणि बघताना घरी फोन लावा. "सगळं ठीक?" असं विचारलं की "ठीक" एवढंच येतं. एका जागेबद्दल विचारा. "आबा, नाल्यापलीकडच्या त्या सपाट खडकाला तुम्ही काय म्हणायचे?" अर्धा तास बोलणं चालेल. दोघांनाही बरं वाटेल, आणि एक नाव वाचेल.

जमवलेलं ठेवायचं कुठं? फोनमध्ये ठेवलंत तर फोनबरोबर जाईल. एका वहीत लिहा, शाळेत एक प्रत द्या, ग्रामपंचायतीत एक द्या. २००२ च्या जैवविविधता कायद्याप्रमाणे प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असते आणि गावाची लोकजैवविविधता नोंदवही असते. राष्ट्रीय हरित लवादाने ३१ जानेवारी २०२० ची मुदत घातल्यावर देशभर या वह्या धावतपळत भरल्या गेल्या. आपल्या गावची वही मागून बघा. झाडांची यादी असेल. जागांची नावं बहुधा नसतील. ग्रामसभेत ती घालायला सांगा. तसंच तहसिलात जाऊन आपल्या गावचं निस्तारपत्रक आणि वाजिब-उल-अर्ज यांच्या नकला काढा. हे आपल्या विदर्भातलं जुनं धन आहे. गावकऱ्यांनी कुठून सरपण घ्यायचं, गुरं कुठं चारायची, पाणी कसं वापरायचं, वाट कुठून, हे त्यात लिहिलेलं असतं. आजोबांच्या तोंडची जागा जुन्या कागदावर सापडते तेव्हा काय वाटतं ते मी शब्दांत सांगू शकणार नाही. शिवाय उद्या त्या जागेचं काही करायचं ठरलं, तर आपल्या हातात आठवणीसोबत कागदही असेल.

एक सावधगिरी. सगळं जगाला दाखवायचं नसतं. सारस महाराष्ट्रात आता मुख्यतः आपल्याच जिल्ह्यात उरला आहे. धानाच्या बांधीत त्याचं घरटं दिसलं तर त्याचा फोटो जागेच्या पत्त्यासह टाकू नका. गर्दी झाली की जोडी उठून जाते. वाघाच्या पाणवठ्याचंही तसंच. देवाच्या राईचं, औषधी मुळ्यांच्या जागेचं काय सांगायचं आणि काय गावातच ठेवायचं, हे ग्रामसभेने ठरवावं. एका पोराने लाईकसाठी ठरवू नये. नावं वाचवणं वेगळं आणि जागा उघडी पाडणं वेगळं.

नावं गोळा करून झाल्यावर हात स्वस्थ बसत नाहीत, हे मी शेजारी पाहिलं आहे. आपल्याच जिल्ह्यात अर्जुनी मोरगावकडे भंडारा निसर्ग व संस्कृती अभ्यास मंडळ आणि ढीवर बायांचे गट वर्षानुवर्षं तलावांवर काम करत आहेत. त्यांनी आधी म्हाताऱ्यांना विचारलं: या तलावात पूर्वी कोणत्या वनस्पती होत्या, कोणते मासे होते? मग बेशरमाची झुडपं उपटली, पाण्याखालच्या देशी वनस्पती पुन्हा लावल्या, आणि त्या आडोशाने देशी मासे आणि पाखरं परतू लागली. काय परत आणायचं हे त्यांना कळलं, कारण काय गेलं त्याची नावं त्यांच्याकडे होती. चोरखमाऱ्याचा तलाव मोठा आहे, पाटबंधाऱ्याचा आहे, त्याचे नियम वेगळे आहेत. पण गावाला लागून असलेली एखादी बोडी? तिला कुणाची परवानगी लागते ते ग्रामपंचायतीत विचारा आणि एका रविवारी सुरुवात करा. दुःखाला हातांचं काम मिळालं की ते माणसाला खात नाही.

काहींचं दुखणं एवढ्यानेही उतरत नाही. झोप येत नाही, अन्न गोड लागत नाही, जगण्यात राम वाटत नाही, असं आठवड्यांमागून आठवडे चालत असेल तर ते अंगावर काढू नका. १४४१६ हा टेलिमानसचा सरकारी नंबर आहे. फुकट आहे, रात्रंदिवस लागतो, मराठीत बोलता येतं. "माझं गाव हरवल्यासारखं वाटतं," असं म्हणायला लाजू नका. जिल्हा रुग्णालयातही मनाचे डॉक्टर असतात. घरातल्या पोरांनीच आजोबांसाठी फोन लावून द्यावा.

आणखी एक गोष्ट मला या तलावाकडे बघून सुचते. चोरखमाऱ्याचा तलाव आपल्याला जंगलाइतकाच जुना वाटतो. हिवाळ्यात पाणी, पलीकडे डोंगर, काठाला पाखरं; या चित्राला धक्का लागला तर आपल्याला काळीज फाटल्यासारखं होईल. पण हे मातीचं धरण इंग्रजी अमदानीत बांधलेलं, सुमारे शंभर वर्षांपूर्वीचं. त्याआधी तिथं पाणी नव्हतं, नाला होता, उतार होता, झाडं होती, कुणाच्या तरी वाटा होत्या. कुणीतरी या काठावर उभं राहून आपली ओळखीची जागा पाण्याखाली जाताना पाहिली असेल. त्याच्या नातवाला ते पाणीच गाव वाटलं. नवेगावबांधचा तलाव तर त्याहून जुना. कोलू पाटील कोहळी यांनी तो बांधला, भोवतीच्या सात डोंगरांना लोकांनी सात बहिणी म्हटलं आणि बांधणाऱ्याला कोलासुर म्हणून देव केलं. माणसाने केलेला बदल लोकांनी नावं देऊन, गोष्टी सांगून आपलासा करून घेतला. यावरून मी असं म्हणत नाही की जे येईल ते मुकाट्याने गिळा. जिथं अडवायचं तिथं अडवाच, ग्रामसभेत उभं राहून अडवा. पण उद्या जे उरेल त्यालाही नाव देणारी माणसं लागतील, आणि ती आजची नावं ऐकलेलीच असायला हवीत.

पाऊस उघडला आहे, रोवणी आटोपली आहे, कापणीला अवकाश आहे. या दिवसांत म्हाताऱ्यांना वेळ असतो. फोन रात्रीच पूर्ण चार्ज करून ठेवा. रेंज नसली तरी रेकॉर्डिंग होतं. सोबत शाळेतलं एक पोर घ्या, लिहून घ्यायला. ऊन चढायच्या आत तलावाच्या पाळीवर जा, आजोबांना सावलीत बसवा, पाणी प्यायला द्या. आणि पाण्याकडे बोट दाखवून पहिला प्रश्न हा विचारा: तुमचे आजोबा सांगायचे का, की या पाण्याच्या आधी तिथं काय होतं?